झाकलेला बोर्ड, ताणलेली केबल आणि सुटलेला न्यूट्रल : दांडिया बाजारातल्या एका वाड्याचं प्रकरण

बडोद्याच्या दांडिया बाजारात एका गल्लीत हा वाडा आहे. दुमजली, मधे चौक, सागवानी खांब. दरवाज्यातून आत शिरलं की डाव्या हाताच्या भिंतीवर सात मीटर. सात बिऱ्हाडांना मिळून एकच थ्री फेज सर्व्हिस: गल्लीतल्या खांबापासून भिंतीपर्यंत सुमारे १८ मीटर, चार कोअरची (वीज आणणाऱ्या तीन फेज तारा आणि परतीचा न्यूट्रल) १६ चौरस मिलिमीटर ॲल्युमिनियम केबल, वजन पेलणाऱ्या बेअरर तारेला बांधलेली. दोन बिऱ्हाडं आर फेजवर, दोन वाय फेजवर, तीन बी फेजवर.

ऑगस्टच्या शेवटी, गणपती बसायला चार दिवस असताना, सकाळी सव्वासातच्या सुमारास काही घरांत दिवे मंद झाले आणि काही घरांत झगझगीत. पाच-सात मिनिटांत एक टीव्ही, दोन राउटरचे ॲडॉप्टर, चार एलईडी दिवे आणि एका फ्रिजचं कंट्रोल कार्ड गेलं. एमसीबी (प्रवाह जास्त झाला की आपोआप पडणारा स्विच) एकही पडला नाही. आरसीसीबी (विजेची गळती झाली की सप्लाय तोडणारा) दोन घरांत होता, तोही जागचा हलला नाही. बिघाड विजेचा खरा, पण त्याचा माग काढत गेलं की आपण एप्रिलमधल्या रंगरंगोटीपाशी पोचतो, म्हणून सुरुवात तिथून.

रंगरंगोटीत काय काय ‘नीट’ केलं

घरात लग्न होतं. दर्शनी भिंत सुंदर दिसावी ही इच्छा अगदी रास्त. अडचण एवढीच, की भिंतीवरच्या विजेच्या सामानाला ‘पसारा’ ठरवलं गेलं आणि त्यातला प्रत्येक आकार कशासाठी आहे हे कुणी विचारलं नाही. तीन बदल झाले.

पहिला बदल केबलच्या झोळाचा. खांबावरून येणारी केबल भिंतीवरच्या पाइपात शिरण्याआधी खाली झोका घ्यायची आणि मग वर चढून पाइपाच्या तोंडात जायची. तो झोका ढिलाई वाटली, म्हणून केबल ताणून सरळ केली. खांबापासून मीटरपर्यंतची केबल वीज कंपनीच्या अखत्यारीत असते, तिला रंगाऱ्याने किंवा खाजगी वायरमनने हात लावायचाच नसतो. इथे लावला गेला.

त्या झोक्याकडे पावसात दोन मिनिटं उभं राहून बघावं. बेअरर तारेवरून आणि केबलच्या अंगावरून पाणी उताराने भिंतीकडे धावत येतं. झोक्याच्या तळाशी आलं की पुढचा रस्ता चढाचा. पाणी चढत नाही. ते तिथेच थेंब होऊन लोंबतं आणि रस्त्यावर पडतं. ना रबर, ना पॅकिंग, ना देखभाल. नुसत्या एका वळणाने आख्खा पावसाळा घराबाहेर राहतो. वळणाचा तळ पाइपाच्या तोंडापेक्षा १५ ते ३० सेंटीमीटर खाली असला की काम भागतं. पाइपाचं तोंडही याच कारणासाठी काठीच्या मुठीसारखं खाली वाकवलेलं असतं.

दुसरा बदल त्या वाकलेल्या तोंडाचा. जुना बेंड काढून साधा काटकोनी एल्बो लावला, तोंड गल्लीकडे आडवं. ताणलेली केबल आणि आडवं तोंड, म्हणजे पाण्यासाठी पन्हळच तयार झाली.

तिसरा बदल आतला. सागवानी फळीवर चिनी मातीचे किटकॅट (जुन्या पद्धतीचे फ्यूज), पितळी न्यूट्रल लिंक (सगळे न्यूट्रल एकत्र जोडायची पट्टी) आणि मीटर उघडे दिसायचे. त्यांच्यापुढे प्लायवूडचं कपाट करून वरून भिंतीच्याच रंगाचा हात दिला. कपाटाच्या मापात बसावी म्हणून न्यूट्रल लिंक अर्धा फूट सरकवली. केबलचा न्यूट्रल तेवढ्याने अपुरा पडला, तर तांब्याच्या वायरचा तुकडा घेऊन ॲल्युमिनियमला पीळ मारला आणि वर टेप गुंडाळली. शिवाय चौकात नव्या फरशा बसवताना अर्थिंगच्या खड्ड्यावरचं झाकणही फरशीखाली गेलं.

चौथी तार काय करते

कोपऱ्यावरच्या ट्रान्सफॉर्मरमध्ये (महाराष्ट्रात लोक ‘डीपी’ म्हणतात, बडोद्यात ‘टीसी’) वरच्या बाजूने ११,००० व्होल्टच्या तीन तारा येतात आणि खालच्या बाजूने चार निघतात. चौथी कुठून आली? आतल्या कमी दाबाच्या तीन गुंडाळ्यांचं एकेक टोक एका बिंदूत जोडलेलं असतं. तो बिंदू जमिनीशी बांधतात आणि त्यातूनच न्यूट्रल बाहेर काढतात. तीन फेज म्हणजे त्या बिंदूभोवती एकमेकींपासून १२० अंशांवर उभ्या तीन भुजा. प्रत्येकीची लांबी २३० व्होल्ट, आणि दोन टोकांमधलं अंतर २३० गुणिले वर्गमूळ ३, म्हणजे सुमारे ४०० व्होल्ट. घरात आपण वापरतो ते २३० आणि पिठाच्या गिरणीला लागतात ते ४००, दोन्ही एकाच त्रिकोणातून येतात. हा त्रिकोण कागदावर एकदा स्वतः काढून बघावा. गल्लीतल्या चार तारांकडे पाहण्याची नजर बदलते.

याहून देखणा भाग परतीच्या प्रवाहाचा. समजा आर फेजवर १० अँपिअर, वायवर ३ आणि बीवर ५ अँपिअर भार आहे. एकूण १८ अँपिअर गेले, तर न्यूट्रलमधून १८ परत यायला हवेत असं वाटतं. क्लॅम्प मीटर लावला की दिसतात फक्त ६.२. बाकीचा प्रवाह फेज एकमेकींतच फेडून टाकतात, कारण एक भरात असते तेव्हा दुसऱ्या दोन उलट दिशेला असतात. तिन्हींवर सारखे ६-६-६ असते, तर न्यूट्रलमध्ये जवळपास काहीच आलं नसतं. (अगदी शून्य आजकाल होत नाही. एलईडी आणि चार्जर यांच्या वाकड्यातिकड्या प्रवाहातला काही भाग न्यूट्रलमध्ये फिटण्याऐवजी साचत जातो. म्हणून न्यूट्रल फेजपेक्षा बारीक घेऊ नये.)

प्रवाह कमी असला तरी न्यूट्रलचं दुसरं काम मोठं आहे. त्रिकोणाचा मधला बिंदू तो मधे धरून ठेवतो. तो सुटला की मध्यबिंदू भार जास्त असलेल्या फेजकडे सरकतो.

लक्षणं आधीपासून होती

जुलैपासून वरच्या मजल्यावरच्या काकू सांगत होत्या, “खालच्यांचा गीझर लागला की आमचा पंखा आपोआप जोरात पळतो.” यावर सगळ्यांनी मान डोलावली आणि विषय संपला. वाड्यातल्या बिघाडाचं याहून अचूक निदान दुसरं झालं नसतं. एका घरातल्या स्विचने दुसऱ्या घरातला दिवा *मंद* झाला, तर तार बारीक आहे किंवा फेजचा सांधा ढिला आहे असा संशय घ्यावा. *तेजाळला*, तर न्यूट्रल तपासावा, आणि त्याच दिवशी तपासावा.

दुसरं लक्षण वासाचं. कपाट उघडलं की जळक्या प्लास्टिकसारखा मंद वास यायचा. उघडा बोर्ड असता, तर काळी पडलेली टेप येता-जाता कुणाच्याही नजरेस पडली असती.

मोजमाप

त्या सकाळी वाड्यातल्या एका आजोबांनी पहिलं काम बरोबर केलं: सातही घरांचे मेन स्विच खाली पाडायला लावले. असं काही झालं की हेच करावं. एकेक उपकरण बंद करत बसू नये, कारण भार जसजसा कमी होईल तसतसे व्होल्ट उड्या मारतात आणि उरलेली उपकरणं जास्त धोक्यात येतात. मग वीज कंपनीत तक्रार नोंदवली.

लाईनमनने आधी शेजारच्या दोन घरांत व्होल्ट पाहिले, ते ठीक होते. म्हणजे टीसी आणि मुख्य लाईन निर्दोष, दोष फक्त या वाड्याच्या सर्व्हिसमध्ये किंवा बोर्डात. खांबावरचा जोड तपासला, तोही घट्ट होता. मग परवानाधारक वायरमनने हातमोजे घालून बोर्डावर मोजमापं घेतली. घरातली नाजूक उपकरणं काढून ठेवली होती आणि फक्त गीझर, इस्त्री, साधे दिवे असा तापणारा भार लावला होता, म्हणजे वर सांगितलेले १०, ३ आणि ५ अँपिअर.

फेज ते फेज: तिन्ही जोड्यांत ३९८ ते ४०० व्होल्ट. त्रिकोण शाबूत होता.

फेज ते न्यूट्रल: आरवर १५५, वायवर २९३, बीवर २६१. मध्यबिंदू सरकलेला होता. ज्या फेजवर भार जास्त ती उपाशी, आणि जिच्यावर कमी ती फुगलेली.

न्यूट्रल ते अर्थ: सुमारे ८० व्होल्ट. टेस्टर न्यूट्रलला लावला, तर तो मंद पेटला. न्यूट्रलला शॉक लागत नाही असं समजून चालणाऱ्यांसाठी हा आकडा आहे.

मग गीझरचा थर्मोस्टॅट तुटला (पाणी तापलं की तो आपोआप तुटतो) आणि आरवरचा भार दोन किलोवॉटने उतरला. त्याच क्षणी आर १५५ वरून थेट ३०० वर गेला, वाय २४७ वर आला आणि बी १६४ वर. सकाळी हेच झालं होतं. आधी वायवरच्या घरांचं नुकसान, आणि गीझर बंद होताच ज्याचा गीझर होता त्याच्याच फेजवरचा टीव्ही गेला.

२९३ व्होल्टला उपकरणं का मरतात, तेही सांगायला हवं. २९३ हा लाटेचा परिणामकारक सरासरी (आरएमएस) आकडा झाला, लाटेचं शिखर त्याच्या १.४१४ पट, म्हणजे ४१४ व्होल्ट. ॲडॉप्टर आणि एलईडी ड्रायव्हरमधला मुख्य कपॅसिटर बहुधा ४०० व्होल्टचा असतो. तो फुगतो, फुटतो. संरक्षणासाठी लावलेला व्हॅरिस्टर अनेकदा २७५ व्होल्टचा असतो. क्षणिक झटका तो पचवतो, पण सलग २९३ व्होल्ट मिळाले की तापून जळतो. कमी दाबाच्या बाजूला फ्रिजचा कॉम्प्रेसर सुरूच होऊ शकत नाही, नुसता गुणगुणतो आणि गरम होतो.

एमसीबी पडले नाहीत, कारण ते प्रवाह पाहतात, व्होल्ट पाहत नाहीत. आरसीसीबी फेजमधून गेलेला आणि न्यूट्रलमधून आलेला प्रवाह ताडून बघतो, आणि घरापुरते ते दोन्ही सारखेच होते. दोघांनीही आपापलं काम चोख केलं, या बिघाडावर पहारा ठेवणं हे त्यांचं काम नव्हतं.

शेवटची चाचणी निर्णायक: मल्टिमीटरची एक पिन केबलच्या न्यूट्रल कोअरला, दुसरी न्यूट्रल लिंकला. मधे फक्त तो पिळाचा सांधा. मीटर ८० व्होल्ट दाखवत होता. निरोगी सांध्यावर तिथे काही मिलिव्होल्टच यायला हवेत.

टेपच्या आत

सप्लाय बंद करून टेप सोडवली. तांबं काळं पडलेलं, त्यावर हिरवट थर. ॲल्युमिनियमच्या तारांवर पांढरी भुकटी, आणि दोन-तीन तारा बोट लावताच तुटल्या. टेपचा आतला थर वितळून दगडासारखा झालेला.

हे एका दिवसात होत नाही. ॲल्युमिनियम हवेत उघडं पडलं की लगेच त्यावर ऑक्साइडचा पातळ थर चढतो, आणि तो थर वीज वाहत नाही. सांधा नीट दाबलेला असेल तर थर फुटून धातूला धातू भिडतो. नुसत्या पिळाने तेवढा दाब येत नाही. पुढे तापण्या-निवण्याचं चक्र: ॲल्युमिनियम तांब्यापेक्षा सुमारे एक तृतीयांश जास्त प्रसरण पावतं. दाबाखाली ते हळूहळू सरकतंही, म्हणजे घट्ट बसलेला पीळ आपणहून सैल होतो. त्यात ताणलेल्या केबलवरून, आडव्या एल्बोतून, पाइपातून उतरलेलं पाणी. दोन वेगळे धातू आणि मधे ओल, म्हणजे छोटी बॅटरीच, आणि त्या व्यवहारात खर्ची पडतं ते ॲल्युमिनियम.

सांधा बिघडत असताना तिथे किती उष्णता होते, याचा हिशेब वर दिलेल्याच भारावर करता येतो. सांध्याचा रोध १ ओहम झाला, तर तिथे सुमारे ३३ वॉट जळतात. घरगुती सोल्डरिंग आयर्न २५ वॉटचं असतं. ४ ओहमला ९० वॉट, तेही बोटाच्या पेराएवढ्या जागेत, टेपखाली, प्लायवूडच्या कपाटात. आणि तेव्हा घरांत व्होल्ट किती? आर २१२, वाय २४४, बी २३५. कुणाचंही लक्ष जाऊ नये इतके साधे आकडे. काकूंचा पंखा याच टप्प्यावर पळू लागला होता. वाड्याला आग लागली नाही याचं समाधान मानावं, कारण सागवान आणि प्लायवूड दोन्ही हाताशीच होते.

दुरुस्ती

कंपनीच्या माणसांनी केबल पुन्हा सैल करून झोका दिला: तळ पाइपाच्या तोंडाखाली ३० सेंटीमीटर. एल्बो काढून खाली तोंडाचा बेंड बसवला. बेअरर तारेचा ताण भिंतीतल्या हुकावर, चिनी मातीच्या इन्सुलेटरमार्फत, म्हणजे केबलवर ओढ शून्य. केबलचं टोक कापून निरोगी, चकचकीत धातू लागेपर्यंत मागे घेतलं. मग ती झोक्याला आणि बोर्डापर्यंत पुरेना, म्हणून खांबापासूनच नवी केबल घ्यावी लागली, मधे जोड दिला नाही.

बोर्डावरचं काम वायरमनचं. न्यूट्रलसाठी २५ गुणिले ३ मिलिमीटरची कथील चढवलेली तांब्याची पट्टी. केबलच्या टोकाला १६ चौरस मिलिमीटरचा बायमेटॅलिक लग (तारेवर दाबून बसवायचं दोन धातूंचं टोक): नळीकडची बाजू ॲल्युमिनियमची, बोल्टकडची तांब्याची, दोन्ही धातू कारखान्यातच घर्षणाने एकजीव केलेले. ॲल्युमिनियम आणि तांब्याची भेट व्हायचीच असेल, तर ती तिथे, पाण्याचा स्पर्श न होणाऱ्या जागी व्हावी. क्रम असा: कोअर नळीच्या लांबीइतकीच सोलायची, तारांना खरचटू द्यायचं नाही, पोलादी ब्रशने घासायचं, लगेच जोडपेस्ट लावायची (उशीर केला की ऑक्साइड पुन्हा चढतो), लग शेवटपर्यंत सारायचा आणि त्याच मापाच्या षट्‌कोनी डायने दोनदा दाबायचं. पक्कडीने चेपलेला लग चालत नाही. वरून चांगला दिसतो, आत पोकळ राहतो. बोल्टला साधा वॉशर, मग स्प्रिंग वॉशर.

न्यूट्रलच्या वाटेत कुठेही फ्यूज किंवा सुटा स्विच ठेवला नाही. जुन्या वाड्यांत न्यूट्रललाही किटकॅट लावलेला सापडतो. तो उडाला, तर नेमका हाच प्रसंग ओढवतो. घरात न्यूट्रल आणि अर्थ जोडण्याचा ‘उपाय’ कुणी सुचवला तर ऐकू नये. बाहेरचा न्यूट्रल सुटलाच, तर आख्ख्या वाड्याच्या अर्थच्या तारा आणि त्यांना जोडलेल्या फ्रिज-गीझरच्या पत्र्यांवर तो दाब येईल.

अर्थिंगवरची फरशी काढली. खाली अडीच मीटरचा जीआय पाइप सुस्थितीत होता, फक्त पाणी घालायचं नरसाळं बुजलं होतं. ते मोकळं करून झाकणाची फरशी सुटी बसवली. मेन स्विचनंतर जास्त-कमी व्होल्टवर चारही पोल (तिन्ही फेज आणि न्यूट्रल) एकदम तोडणारा प्रोटेक्टर लावला. त्याने मरत्या न्यूट्रलला जीव येत नाही, पण टीव्ही वाचतो.

बिऱ्हाडांची वाटणीही बदलली. गीझर असलेलं एक घर आरवरून वायवर घेतलं. मग भार लावून मोजलं, तर ७, ५ आणि ६ अँपिअर, न्यूट्रलमध्ये १.७. सांध्यावरचा दाब १० मिलिव्होल्टच्या आत.

कपाटाचा प्रश्न

वाड्यात यावर बराच वेळ चर्चा झाली. पाहुण्यांच्या नजरेला पहिली दिसणारी भिंत, तिथे बोर्ड उघडा ठेवायचा का? शेवटी प्लायवूड गेलं आणि पारदर्शक पॉलिकार्बोनेटचं दार आलं, वर-खाली हवेला फटी ठेवून. आत लाल, पिवळ्या, निळ्या स्लीव्ह, काळा न्यूट्रल, हिरवा अर्थ. तारा काटकोनात वळवलेल्या, एकही दुसरीवरून आडवी न गेलेली. प्रत्येक मीटरखाली बिऱ्हाडाचं नाव आणि फेज. सागवानी फळी घासून तेलपाणी करून तीच ठेवली, आणि जुने किटकॅट कामातून काढले तरी त्यांतला एक कोपऱ्यात जपला, कारण त्याचं पांढरं ग्लेझ आजही कपबशीसारखं चमकतं.

हे शहर या सामानाला परकं नाही. सयाजीरावांनी १८९० मध्ये इथे कलाभवन काढलं, पुढे त्यातून विद्यापीठाची तंत्रज्ञान शाखा उभी राहिली. बडोद्याच्या आसपास ट्रान्सफॉर्मर आणि स्विचगियर बनवणारे कारखाने आहेत, मकरपुऱ्याला ते तपासणारी संशोधन संस्था आहे. अशा गावात मीटरबोर्ड लपवून ठेवण्यासारखा वाटावा, याचं वाईट वाटतं. सुतारकामात सांधा दिसला तर आपण कारागिराला दाद देतो. विजेच्या सांध्याला ती मिळायला हवी, कारण तोही हातानेच केलेला असतो आणि त्यावर सात घरं उभी असतात.

बोर्डावरची एक गोष्ट वाड्यातली मुलंही दाखवतात. न्यूट्रलच्या बोल्टवर, नटापासून पट्टीपर्यंत, वायरमनने लाल रंगाची एक सरळ बारीक रेघ ओढली आहे. नट तसूभर फिरला तरी रेघ मोडते आणि पारदर्शक दाराबाहेरून दिसतं. उपकरण लागत नाही, दार उघडावं लागत नाही. आजोबा सकाळी दूध घ्यायला जाताना ती बघतात. मेच्या शेवटी, पावसाआधी, सप्लाय बंद करून वायरमन सगळे बोल्ट तपासतो, त्याच दिवशी नरसाळ्यात दोन बादल्या पाणी जातं आणि बेंडचं तोंड खालीच आहे ना, हे गल्लीतून मान वर करून पाहिलं जातं.